कांडोळावरची खाच

कांडोळाला पान नसतं तेव्हा लाजही नसते, असं सोनाबाई म्हणायची. बाकीची झाडं पानं झडली की मान खाली घालून उभी राहतात. हा मात्र पांढराफटक, अंगावर चिंधी नाही, आणि भर चैत्रात माळावर असा ताठ उभा की कशेळ्याच्या रस्त्यावरून जाणारा जीपमधला माणूसही बोट दाखवून विचारेल, ते काय उभं आहे म्हणून. नवखी माणसं त्याला भुताचं झाड म्हणत. सोनाबाई भुताला भीत नव्हती. तिला धाक होता तो त्या झाडाखाली भर दुपारी उभ्या राहणाऱ्या माणसाचा, आणि तो भूत नव्हता, दीर होता.

आबाजी. तिच्या नवऱ्याचा धाकटा भाऊ. त्याला जाऊन तीस वर्षं होऊन गेली होती. उन्हाची झळ जमिनीवरून वर चढायला लागली की वरच्या कांडोळाच्या बुंध्याला पाठ लावून तो उभा दिसायचा. बोलायचा नाही. एक हात वर करून तळवा आपल्याच डोक्यावर आडवा धरायचा, पोराची उंची मोजताना धरतात तसा. सोनाबाई डोळे चोळायची, पदरानं तोंड पुसायची, पुन्हा बघायची. मग नुसता बुंधा असायचा, पापुद्रे सुटलेला, पांढरा.

हे तिनं कुणाला सांगितलं नव्हतं. सांगून काय, पोरं तिला कर्जतला डॉक्टरकडे नेतील आणि डोळ्यांत थेंब घालून परत आणतील.

यंदा चैत्रात कांडोळाच्या डिंकाचं काम लागलं आणि त्याच आठवड्यात मोजणीची नोटीस आली. जमिनीची सरकारी मोजणी, शुक्रवारी सकाळी. अर्ज आबाजीच्या बायकोनं केला होता, विमलबाईनं. नोटीस नवीननं वाचून दाखवली. तो सोनाबाईचा मुलगा, कर्जतला एका गोदामात कामाला. सोनाबाईला अक्षर लावून लावून वाचता यायचं, पण सरकारी कागद ती वाचायची नाही, ऐकायची.

"येऊ दे," ती म्हणाली. "मशीन आणू दे नायतर हत्ती आणू दे. हद्द कुठं हाय ते मला इचारल्याबिगर त्यांना कळायचं नाय."

ते खरंच होतं.

घराच्या खाली उतारावर वरकस जमीन होती, गवताची. तिच्यात दोन कांडोळ, एक वरचा, एक खालचा, मध्ये पन्नास-साठ पावलं. त्या पन्नास पावलांत एक झरा. पोशीरकडच्या बोअरवेली कोरड्या पडल्या तरी हा झरा मे महिन्यात करंगळीएवढी धार धरून असायचा. सासऱ्यानं दोन पोरांत जमीन वाटली ती तोंडी. वरची बाजू थोरल्याची, खालची धाकट्याची, आणि हद्द म्हणजे खाच मारलेला कांडोळ. खाच वरच्या कांडोळावर असेल तर झरा आबाजीचा. खालच्यावर असेल तर सोनाबाईच्या नवऱ्याचा. सातबाऱ्यावर दोघांची नावं एकत्रच राहिली. नवरा वारल्यावरही आजवर झरा सोनाबाईनंच खाल्ला होता.

बुधवारी सकाळी ती, सून रिया आणि डिंकवाला पोशा असे तिघं माळावर गेले. पोशा डोंगरातल्या वाडीचा, वय साठीच्या आतबाहेर, अंगानं काटकुळा. दर दोन-तीन वर्षांनी या कांडोळांचा डिंक काढायला तो यायचा. मागच्या साली खाचलेलं झाड पुढच्या साली खाचायचं नाही, हा त्याच्या बापाचा नेम आणि म्हणून त्याचाही.

रियानं भाकरीचं गठुडं वरच्या कांडोळाच्या खिळ्याला अडकवलं. तो खिळा नवीनच्या बापानं ठोकलेला, झऱ्याचा निवाडा आपल्या बाजूनं झाला त्या उन्हाळ्यात. आता सालीनं त्याला अर्धा गिळला होता.

"बघ," सोनाबाई म्हणाली, "झाड वाढतं तसा खिळा बी वर चाललाय. आधी हात नुसता उचलला की लागायचा. आता टाचा उचलाव्या लागतात."

रिया हसली. पोशीरची पोर, तोंडाला कुलूप नाही. "खिळा कुठं वर चाललाय आई? मी बघा, नुसता हात उचलून अडकवलं. तुमीच खाली आलात."

लग्नाच्या दिवशी बायकांनी रियाला सोनाबाईच्या शेजारी उभं करून म्हटलं होतं, सासूच्या मापानंच सून आणली, एक बोट इकडं नाही, तिकडं नाही. सोनाबाईला तेव्हा ते गोड लागलं होतं.

"खाली माती जाते. मी नाय जात," ती म्हणाली. "काकडी बघून ये. पाइप निघाला असंल."

झऱ्याला पाइप लावून रियानं उन्हाळी काकडी केली होती. पाच महिने तिचे तळवे फोडांचे झाले होते. ती गेली.

पोशानं खालच्या कांडोळाला कोयता लावला. त्याचं काम बघण्यासारखं होतं. झाडाला आधी तळवा लावायचा, बैलाच्या पाठीला लावतात तसा. मग चार बोटं रुंद, अंगठ्याच्या पेराएवढी खोल, एकच खाच. जास्त नाही. लोभी माणूस बुंधा सोलून काढतो आणि दोन वर्षांत झाडाला किडे खातात. साल निघाली की आत गुलाबी मांस दिसलं. थोड्या वेळानं कडेला पाणी सुटलं, मग ते दाट झालं, मग त्याची बोरं झाली. वास आंबूस, ताडी उतरल्यासारखा. फांदीवर लाल फळं चांदणीसारखी उघडली होती. त्यांची लव अंगाला लागली की खाज सुटते, म्हणून सोनाबाईनं पदर घट्ट गुंडाळला होता.

"पोशा, खाच जरा खाली मार रं," ती म्हणाली. "झाड वाढंल तशी वर जाईल. मग पुढल्या वेळंला माजा हात पोचायचा नाय."

पोशानं कोयता थांबवला. मग तो असा हसला की त्याचे चार दात दिसले.

"बाय, झाड म्हंजे काय भात हाय? भाताचं पेर वर सरकतं. झाड शेंड्याला वाढतं आन पोटाला जाडतं. खाच जिथली तिथं. माज्या आज्यानं मारलेल्या खाचा डोंगरात अजून त्याच्या छातीशी हायत. आजा ठेंगणा होता, म्हणून मला वाकून बघाव्या लागतात."

सोनाबाईनं डिंकाचा एक गोळा पळसाच्या पानावर घेतला, त्याला चिकटलेली सालीची कुसळं काढायला लागली, आणि तिची बोटं थांबली. डिंक चिकटतो तसा तिला तो दिवस चिकटला.

तेव्हा ती सतरा वर्षांची, लग्न होऊन महिना झालेला. सासरा म्हणाला, चल गं, माळावर चल. नवरा त्या दिवशी कर्जतला गेला होता. बरोबर फक्त आबाजी, अठरा-एकोणीस वर्षांचा, खांद्यावर कोयता घेऊन. नव्या सुनेचा पदर हनुवटीपर्यंत. तिला दिसली ती फक्त स्वतःची पावलं, जोडवी आणि वाळलेलं गवत. दोन झाडांजवळ थांबवली, कुठलं आधी, कुठलं नंतर, तिला काय ठाऊक. मग एका झाडाला पाठ लावून सासऱ्यानं तिला उभं केलं. "ताठ रहा. हलू नको." आणि डोक्याच्या वर, केसाला वारा लागेल इतक्या जवळ, कोयता बसला. सालीचा तुकडा तिच्या भांगात पडला. तिनं डोळे मिटून घेतले होते.

"झाड हलत नाय आन सून घर सोडत नाय," सासरा म्हणाला होता. "दोन्ही माजे साक्षी. हद्द इथं, हिच्या डोक्याबरोबर."

त्याच पावसाळ्यात तो गेला.

पुढं बारा वर्षांनी भावाभावांत झऱ्यावरून वाजलं तेव्हा पंच बसले. नवरा म्हणाला खालचं झाड. आबाजी म्हणाला वरचं. पंच म्हणाले, जिच्या डोक्यावर खाच मारली ती सांगंल. आता सोनाबाई काय, मी पदरात होते, मला म्हाईत नाय, असं चारचौघांत म्हणणार? खालच्या कांडोळावर दोन पुरुष उंचीवर एक मोठा वण होता, फांदी मोडल्याचा. तिनं त्याच्याकडं बोट केलं. "हीच ती. बारा वर्सांत झाडासंगं वर चढली." पंच सगळे भातवाले. भाताचं पेर चढताना त्यांनी जन्मभर पाहिलेलं. माना डोलावल्या. आबाजी एकटा ओरडत राहिला.

दुसऱ्या दिवशी भर दुपारी तो तिच्या दारात आला. ओरडला नाही.

"वयनी, एकदा वरच्या झाडाला जाऊन उभ्या रावा. एवढंच. मग तुमी म्हणाल ते."

"मी काय तुजं मापटं हाय व्हय रं?" ती म्हणाली होती. "एकदा उभी केली तेवढी बास. या घरची सून म्हंजे येता-जाता मोजायची वस्तू नव्हं."

तो माळावर गेला. दारातून ती बघत होती. वरच्या कांडोळाला पाठ लावून तो उभा राहिला, तळवा डोक्यावर आडवा धरला आणि तिच्याकडं बघत राहिला. तो तिच्याहून वीतभर उंच. पण तळवा तो हळूहळू खाली आणत होता, कपाळापर्यंत, डोळ्यांपर्यंत, तिच्या उंचीपर्यंत. मग ती घरात गेली.

त्या सालीच आबाजी बायकोला घेऊन खालापूरच्या बाजूला वीटभट्टीवर गेला आणि दोन वर्षांत तापानं खलास झाला. सोनाबाई माती द्यायला गेली तेव्हा विमलबाईनं तिला पाणीसुद्धा विचारलं नाही.

आणि एक गोष्ट होती, ती सोनाबाई स्वतःलाही नीट सांगत नसे. आबाजी भट्टीवर गेला त्याच्या पुढच्या शिमग्यात ती वरच्या कांडोळाच्या पलीकडच्या अंगाला गेली होती. तिथं, तिच्या डोक्याबरोबर, सालीत एक घडी होती, मिटलेल्या ओठांसारखी. तिनं घडीत बोट घालून बघितलं. मग ती स्वतःशीच म्हणाली, असतील शंभर खाचा, खरी तर वर चढलेली. डिंक काढून झाला की झाडाच्या जखमेवर शेणमाती लिंपायची रीतच आहे, वाळवी लागू नये म्हणून. तिनं त्या घडीवरही लिंपली. दर सालच्या शिमग्यात लिंपली. पस्तीस वर्षं. त्या बाजूला दुसऱ्या कुणाला जाऊ दिलं नाही.

"बाय, ऊन लागलं काय?" पोशानं विचारलं.

"तू तुजं काम कर."

तिनं वर पाहिलं. वरच्या कांडोळाखाली तो उभा होता. तळवा डोक्यावर.

त्या दिवशी संध्याकाळी तिनं डिंकाचा एक खडा पाण्यात टाकला, उन्हाळी लागली की घेतात तसा. जेवणं होईपर्यंत वाटी काठोकाठ भरली. बोराएवढा खडा, वाटीभर फुगून थरथरत बसला होता, डोळ्यासारखा. तिला तो गिळवेना.

"आई, तू काय बोलायचंच नाय," नवीन सांगत होता. "साहेब इचारतील, तू फक्त बोट दाखव. एकदा नकाशावर आलं की मिटलं. परत कुणाची अर्ज करायची टाप नाय."

"आन मी दाखवलं नाय तर?"

"म्हंजे?"

"म्हंजे काय नाय. जेव."

रिया ताटं उचलता उचलता थांबली. सासूकडं बघितलं. मग तळहातावरचे फोड तिनं साडीला पुसले.

गुरुवारी विमलबाई झऱ्यावर आली. एप्रिल लागला की यायचीच. नवरा गेल्यावर भट्टीवरून परत येऊन बांधलेल्या तिच्या दोन खोल्यांच्या घरामागची बोअरवेल आटायची, मग तिला दुसरा इलाज नसायचा. तीस वर्षं दोघी जावा एकमेकींशी बोलत नव्हत्या. म्हणजे बोलायच्या, पण शेळीला सांगून. सोनाबाईची शेळी तिथंच बांधलेली असायची.

"शेळ्ये," विमलबाई हंडा धारेखाली लावत म्हणाली, "कुनाच्या बापाचं पानी पिती गं तू?"

"शेळ्ये," सोनाबाईनं बांधावरून सांगितलं, "पानी पिऊन घे आन निघ म्हणावं. फुकटचं हाय तवर."

"शेळ्ये, उद्या मोजणी हाय म्हणं. लोकांच्या जिभा पन मोजत्यात का बघ त्या मशीनीत."

एरवी सोनाबाईनं याला झणझणीत उत्तर दिलं असतं. रात्री विचार करून ठेवलेली दोन-तीन उत्तरं तिच्याकडं कायम तयार असत. आज ती नुसती शेळीचं दावं सोडून पुन्हा बांधत राहिली. विमलबाईनं चमकून वर पाहिलं. हंडा भरून सांडत राहिला. मग तिनं तो कमरेला मारला आणि निघाली. तिच्या पाठीचा कणा डावीकडं कलला होता. हे सोनाबाईनं आजवर पाहिलं नव्हतं.

शुक्रवारी साहेब आले, टोपी घातलेला तरुण माणूस, बरोबर मशीन आणि तीन पायांचा स्टँड. इस्त्रीचा शर्ट घालून नवीन पुढं उभा. विमलबाई खालच्या बाजूला पदर कानामागं खोचून. पोशा डिंक गोळा करायला आला होता, तो तमाशा बघत उकिडवा बसला. उन्हाची झळ उठायला लागली होती.

"वाटणीची खूण कुठल्या झाडावर आहे, कोण सांगणार?" साहेबांनी विचारलं.

"माजी आई," नवीन म्हणाला. "तिच्याच डोक्यावर मारलेली."

सोनाबाई पुढं आली. नवीन तिच्या बोटाकडं बघत होता. बोट वर झालं नाही. ती खालच्या कांडोळावरून पुढं गेली, झरा ओलांडला, काकडीच्या वाफ्याच्या कडेनं वर चढली. वरच्या कांडोळाच्या पलीकडच्या अंगाला जाऊन तिनं कनवटीचा विळा काढला आणि बुंध्यावरचा शेणमातीचा लेप खरवडायला लागली. पस्तीस वर्षांचे थर. खपल्या पडत होत्या. शेवटी साल दिसली, पांढरी, आणि तिच्यात ती घडी. विळ्याचं टोक लागलं तिथं डिंकाचा एक थेंब आला. इतक्या वर्षांनीही.

"आई, काय करतीस?" नवीन धावत आला.

ती वळली, बुंध्याला पाठ लावली आणि उभी राहिली. बुंधा गार होता. सतराव्या वर्षीही गारच लागला होता. खांद्याची हाडं सालीला टेकली तेव्हा तिला कळलं की हेच झाड. पाठीला कळलं.

"घ्या साहेब," ती म्हणाली. "माज्या डोक्याबरोबर. सासऱ्यानं मारली."

साहेब जवळ आले. बघितलं. खाच तिच्या डोक्याच्या चांगली चार बोटं वर होती.

"आजी, ही तर वर आहे."

"बघा!" नवीन म्हणाला. "ही नव्हंच ती. साहेब, तिला उन्हानं काय कळत नाय. खालचंच झाड."

साहेबांनी पेन उचललं. सोनाबाईनं मान ताठ केली. टाचा उचलायचा मोह झाला. टाचा उचलल्या असत्या तर अंतर भरून निघालं असतं, आणि अब्रूही राहिली असती. समोर झळ थरथरत होती. तिच्यात तो उभा होता, आज झाडाखाली नव्हे, विमलबाईच्या मागं. तळवा आडवा.

तिनं टाचा उचलल्या नाहीत.

"लिवू नका अजून," ती म्हणाली. आवाज असा की पोशासुद्धा उठून उभा राहिला. "साहेब, झाड जिथं होतं तिथंच हाय. खाली आले ती मी. पंचांना मी खोटं सांगितलं तवा म्हाईत नव्हतं. नंतर म्हाईत झालं, तरी लिंपत राहिले." मग तिनं हाक मारली. "रिये! हितं ये. उभी रहा."

रिया काकडीच्या वाफ्याच्या कडेला होती. ती हलली नाही. तिनं वेलांकडं बघितलं, फुललेल्या, पिवळ्या. मग नवऱ्याकडं. नवीन मान हलवत होता, नको, नको. सोनाबाईनं दुसरी हाक मारली नाही. सुनेनं कुठं उभं राहायचं हे एकदा एका सासऱ्यानं ठरवलं होतं. आता ते रियानंच ठरवायला हवं होतं.

रियानं साडीला हात पुसले. वर आली. सासू बाजूला झाली आणि ती बुंध्याला पाठ लावून उभी राहिली. डोळे उघडे ठेवून.

कुणी काही म्हणायच्या आत विमलबाई चढून आली होती, धापा टाकत. तिनं आपला हात पुढं केला आणि तळवा रियाच्या डोक्यावर आडवा धरला. करंगळी सालीच्या घडीत गेली. बरोबर गेली. हात तिथून हलला नाही. तीस वर्षं जो हात सोनाबाईनं दुपारच्या झळीत पाहिला तोच हात, फक्त बाईचा, बांगड्या नसलेला.

साहेबांनी मशीन वर आणायला सांगितलं.

काकडी त्या वर्षी अर्धीच झाली. नवीन चार दिवस आईशी बोलला नाही. रिया बोलली, पण टोचूनच. "आई, आता खिळा पन त्यांचाच का?" सोनाबाई म्हणाली, खिळा माज्या नवऱ्याचा, झाड त्यांचं. भाकरी घरात खा.

मोजणीनंतरच्या मंगळवारी घरच्या नळाला पाणी आलं नाही. रिया बाजाराला गेलेली. दुपार होती. सोनाबाईनं कळशी घेतली आणि माळावर निघाली. वरच्या कांडोळापाशी येऊन थांबली. इथून पुढं आता हद्द. खाली झऱ्यावर विमलबाई हंडा लावून बसली होती, पाठमोरी.

शेळी तिथं नव्हती. सोनाबाईनंच मोजणीच्या दुसऱ्या दिवशी ती सोडून आणली होती.

कळशीचा काठ बोटांना तापला. सबंध जन्मात तिनं कुणाकडं काही मागितलं नव्हतं. मागायचं कसं, शब्द कुठला आधी ठेवायचा, हेच तिला येत नव्हतं.

"विमल," ती शेवटी म्हणाली. "पानी घेऊ का गं?"

विमलबाई वळली नाही. धार हंड्यात पडत राहिली.

"शेळीला इचारा," ती म्हणाली.

आणि हंडा उचलून तिनं धार मोकळी केली.

कळशी भरली. विमलबाईनं हात लावला, डोक्यावर चढवून दिली. सोनाबाई वर चढली. कांडोळाजवळून जाताना तिनं पाहिलं नाही, पण दिसायचं ते दिसलं. तो उभा होता. आज हात खाली होता, दोन्ही बाजूंना सोडलेला, काम संपलेल्या माणसासारखा. तो तिच्याकडं बघत नव्हता. झऱ्याकडं बघत होता.

"सर बाजूला," सोनाबाई पुटपुटली. "पानी सांडंल."